रेट्याची वजाबाकी

पुढे ५७,८३६ पौंड. मागे ४६,६७८ पौंड. शिल्लक ११,१५८.

रोल्स-रॉइसने शिकाऊ लोकांसाठी छापलेल्या एका जुन्या पुस्तकात हा हिशेब आहे. एक साधं, बायपास नसलेलं, म्हणजे सगळी हवा ज्वलनकक्षाच्या वाटेनेच नेणारं जेट इंजिन घेतलंय आणि त्याच्या पोटात कुठल्या भागावर किती जोर पडतो आणि कुठल्या दिशेला, ते ओळीने मांडलंय. हवा दाबणारा कॉम्प्रेसर इंजिनाला पुढे रेटतो १९,०४९ पौंडांनी. त्याच्या मागची रुंद होत जाणारी वाट, म्हणजे डिफ्यूझर, २,१८६. ज्वलनकक्ष ३४,१८२, तोही पुढेच. मग येतं टर्बाइन, गरम वायूने फिरणारं चाक, आणि ते सगळा डाव उलटवतं: ४१,०९१ पौंड मागे. त्याच्या मागचा पाइप पुन्हा थोडा पुढे, २,४१९. आणि सगळ्यात शेवटी नॉझल, झोत बाहेर सोडणारं निमुळतं तोंड: ५,५८७ पौंड मागे.

मी नाशिकला एका इंजिनिअरिंग कॉलेजात थर्मल शिकवतो. हे आकडे फळ्यावर लिहिले की नॉझलपाशी वर्ग थबकतो. कारण प्रत्येकाच्या डोक्यातलं चित्र असं असतं की विमान ढकललं जातं ते त्या मागच्या भोकातून. ज्वाळा तिथे, आवाज तिथे, मग जोरही तिथलाच असणार. आणि इथे तर नॉझल विमानाला चक्क मागे ओढतंय. मग एखादा हुशार मुलगा विचारतो, ‘सर, मग काढूनच टाकलं तर? साडेपाच हजार पौंड वाचतील की.’ वाचत नाहीत. नॉझल वाट अडवतं म्हणून आतला दाब टिकतो, आणि तो दाब टिकतो म्हणून पुढच्या भागांच्या नावावर एवढे मोठे आकडे जमा होतात. नॉझल काढलं की ते जमेचे आकडेच कोसळतात. टर्बाइनचंही तेच. ते एकेचाळीस हजारांनी मागे ओढतं, पण त्याच्याच ताकदीवर कॉम्प्रेसर फिरतो, आणि कॉम्प्रेसर फिरला नाही तर ज्वलनकक्षाला दाबलेली हवा कोण देणार?

हे पान मला वाण्याच्या खतावणीसारखं वाटतं. जमा बाजूला मोठ्या रकमा, नावे बाजूलाही तशाच मोठ्या, आणि ज्याच्यावर घर चालतं ती शिल्लक दोन्हींच्या मानाने बारकी. अकरा हजार पौंड रेटा मिळवायला इंजिनाच्या आत लाखभर पौंडांची ओढाताण चाललेली असते. ते सांगाडे, ते बोल्ट, ती बेअरिंग्ज त्या ओढाताणीसाठी बनवलेली असतात, शिल्लकीसाठी नाही.

आतून न बघता बाहेरून बघितलं तरी वजाबाकी सुटत नाही. इंजिनाभोवती एक काल्पनिक पेटी काढायची आणि पेटीत काय शिरलं, काय बाहेर पडलं एवढंच बघायचं. दर सेकंदाला किती किलो हवा गेली, ती किती वेगाने आत आली आणि किती वेगाने बाहेर गेली. बाहेरचा वेग वजा आतला वेग, गुणिले हवेचं वस्तुमान. झाला थ्रस्ट, म्हणजेच रेटा. नॉझलच्या तोंडाशी दाब बाहेरच्या हवेपेक्षा जास्त उरला असेल तर त्याचा थोडा भाग वर मिळवायचा, आणि जाळलेल्या इंधनाचं वस्तुमान हवेत धरायचं. ते हवेच्या मानाने एक-दोन टक्केच असतं. फुग्याचं उदाहरण सगळी पाठ्यपुस्तकं देतात, मला ते आवडत नाही. फुग्यात पुढून हवा येतच नाही, म्हणजे वजा करायलाच काही नाही. तो रॉकेटचा चुलतभाऊ. जेट इंजिनाची सगळी गंमत, आणि सगळी अडचणही, त्या पुढून येणाऱ्या हवेत आहे.

विमान धावपट्टीवर ब्रेक लावून उभं असतं तेव्हा आत येणाऱ्या हवेचा वेग शून्य धरता येतो. सगळी कमाई जमेच्या बाजूला. बोइंग ७७७-३००ईआरच्या एका जीई९०-११५बी इंजिनातून टेकऑफच्या वेळी दर सेकंदाला दीड टनाहून जास्त हवा जाते आणि एक इंजिन १,१५,३०० पौंड, म्हणजे सुमारे ५१३ किलोन्यूटन रेटा देतं. दोन मिळून शंभर टनांच्या वर. तेच विमान अकरा किलोमीटर उंचीवर सेकंदाला अडीचशे मीटर वेगाने चाललं की प्रत्येक किलो हवा आधीच अडीचशे मीटरचा वेग घेऊन दारात उभी असते. ते सगळं वजा होतं. वर हवाही विरळ, जमिनीवरच्या घनतेच्या तिसऱ्या हिश्श्याच्याही खाली. तीनशे टनांचं विमान वर तरंगत ठेवायला तेव्हा दोन्ही इंजिनांचा मिळून पंधरा-सोळा टनांचा रेटा पुरतो, आणि मिळतोही फार जास्त नाही. जाहिरातीत लिहिलेला लाखाचा आकडा प्रवासाच्या पहिल्या मिनिटभराचा असतो. बाकीचे पंधरा तास त्याचा सहावा-सातवा हिस्सा.

इथे इंजिनाच्या तोंडाशी बसवलेल्या पंख्याची गोष्ट येते. सेकंदाला १० किलो हवा १०० मीटर वेगाने मागे फेकली तर रेटा १,००० न्यूटन. १०० किलो हवा १० मीटर वेगाने फेकली तरी १,००० न्यूटनच. पण पहिल्या प्रकारात त्या हवेला दिलेली ताकद ५० किलोवॉट, दुसऱ्यात फक्त ५. रेटा वेगाच्या प्रमाणात वाढतो, खर्च वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात. म्हणून गेल्या साठ वर्षांत प्रवासी विमानांची इंजिनं तोंडाने रुंद होत गेली. बोइंग ७३७ च्या पहिल्या पिढीवर जेटी८डी होतं, त्यात गाभ्यातून, म्हणजे ज्वलनकक्षाच्या वाटेने, जितकी हवा जायची साधारण तितकीच गाभ्याला वळसा घालून. आजच्या लीप इंजिनात एक हिस्सा गाभ्यातून तर नऊ ते अकरा हिस्से बाहेरून. म्हणजे रेट्याचा मोठा वाटा आगीतून गेलेल्या हवेचा नाहीच, पंख्याने नुसत्या ढकललेल्या गार हवेचा आहे.

मग सगळ्यांनीच रुंद पंखे का लावू नयेत? कारण तीच वजाबाकी. ध्वनीच्या दुप्पट वेगाने उडायचं असेल तर बाहेर पडणारी हवा त्याहून वेगात हवी, नाहीतर उत्तर ऋण येईल. कॉंकॉर्ड या तेवढ्या वेगाच्या प्रवासी विमानाच्या ऑलिम्पस ५९३ इंजिनाला म्हणूनच बायपास नव्हता. त्याचा रेट्याचा ताळा तर आणखी गमतीचा. माख २ ला, म्हणजे ध्वनीच्या दुप्पट वेगाने, उडताना एकूण रेट्यातला सुमारे ६३ टक्के भाग हवा घेणाऱ्या पुढच्या नळकांड्यावर पडायचा, २९ टक्के नॉझलच्या भागावर, आणि प्रत्यक्ष इंजिनाच्या वाट्याला सुमारे ८ टक्के. इंजिन नसतं तर बाकीचे ९२ टक्केही नसते, हे खरंच. पण इंजिनाला विमानाशी जोडणाऱ्या खिळ्यांना त्या आठाचाच भार सोसायचा असायचा. रेटा ‘कुठे’ तयार होतो हा प्रश्न विचारणाऱ्याला मी हे दोन हिशेब शेजारीशेजारी दाखवतो. एकात नॉझल मागे ओढतंय, दुसऱ्यात तेच पुढे ढकलतंय.

हे झालं कागदावरचं. प्रत्यक्ष मोजायचं कसं?

आमच्या कॉलेजात काही मुलांनी प्रकल्पासाठी मॉडेल विमानांत बसवतात तसलं एक छोटं जेट इंजिन आणलं होतं. दीडेक किलोचं, लांबी वीतभर, रॉकेलवर चालणारं. रॉकेलमध्ये थोडं टर्बाइन ऑइल मिसळायचं, कारण बेअरिंगला वंगण तेवढंच. फेरे मिनिटाला लाखाच्या पुढे. कंपनीच्या कागदावर रेटा १०० न्यूटन, म्हणजे सुमारे दहा किलो. मुलांनी लोखंडी टेबलावर रूळ बसवला, रुळावर सरकणारी पाटी, पाटीवर इंजिन, आणि पाटीच्या पुढे इंग्रजी एस आकाराचा लोड सेल. इंजिन पुढे सरकू बघेल, लोड सेल दाबला जाईल, त्याच्या आतल्या बारीक तारांचा विद्युत रोध बदलेल, पडद्यावर आकडा येईल. सरळ काम.

लॅबमधल्या काकांचं शिक्षण आयटीआयचं, पण वजन-मापाच्या बाबतीत त्यांचा शब्द शेवटचा. ते म्हणाले, ‘आधी खोटं इंजिन लावून बघा.’ म्हणजे इंजिन चालू न करता पाटीला दोरी बांधायची, ती कप्पीवरून खाली सोडायची आणि तिला पितळी वजनं लटकवायची. दोन किलो, चार, सहा, आठ, दहा, आणि मग एकेक उतरवत परत शून्यावर. दहा किलो लटकवल्यावर पडदा दाखवायचा नऊ किलो सातशे ग्रॅमच्या आसपास. वजनं उतरवताना त्याच पायऱ्यांना आकडे थोडे वेगळे यायचे.

तीनशे ग्रॅम गेले कुठे? मुलांनी रुळाला ग्रीस लावलं. थोडा फरक पडला, फार नाही. काकांनी पाटीवर हात ठेवून इंधनाच्या पाइपकडे बोट दाखवलं. निळ्या रंगाचा, पेन्सिलपेक्षा बारीक पाइप. टाकीपासून इंजिनापर्यंत तो रेट्याच्याच दिशेने ताणून बसवला होता. पाटी केसभर सरकली की तो ताणला जायचा आणि आपल्या परीने तिला मागे धरायचा. स्टार्टरच्या वायरींचंही तेच. लोड सेलपर्यंत पोचण्याआधीच रेट्याचा काही भाग पाइप आणि वायरी सोसत होत्या. मग सगळ्या जोडण्या रेट्याला काटकोनात आणून सैल वळण देऊन बसवल्या, पंप चालू करून पाइपमध्ये दाब भरला, कारण दाबाने पाइप ताठ होतो, आणि त्या अवस्थेत पुन्हा वजनं लटकवली. दहाला दहाच्या अगदी जवळ आकडा आला. काका म्हणाले, ‘आता पेटवा.’

लॅबच्या मागचं शटर उघडं ठेवूनच ते इंजिन चालवावं लागतं. कारण नुसता धूर नाही. मागे सुटलेला झोत आजूबाजूची हवाही आपल्याबरोबर ओढून नेतो. खोली बंद असेल तर खोलीतली हवा टेबलावरून, पाटीवरून, इंजिनाच्या अंगावरून मागे वाहू लागते आणि सगळ्या सांगाड्याला मागे ढकलते. लोड सेलवर येतो तो इंजिनाचा रेटा वजा हे ढकलणं. मोठ्या इंजिनांच्या बंद टेस्ट सेलमध्ये ही गोष्ट इतकी मोठी असते की मोजलेल्या आकड्यात काही टक्के मिळवल्याशिवाय तो उघड्यावरच्या आकड्याशी जुळत नाही. ती दुरुस्ती किती, हे ठरवायला तेच इंजिन आधी मोकळ्या मैदानातल्या टेस्ट बेडवर चालवतात, मग बंद खोलीत, आणि दोन्हींची सांगड घालतात. जीई९० बनवणाऱ्या जीई या अमेरिकन कंपनीचं असं मैदान ओहायोतल्या पीबल्सजवळ आहे, वस्तीपासून लांब, झाडीत. रोल्स-रॉइसने २०२१ मध्ये डर्बीला ‘टेस्टबेड ८०’ नावाची बंद इमारत उघडली, आत ७,५०० चौरस मीटर जागा. तत्त्व मात्र आमच्या टेबलाचंच. फक्त रुळाच्या जागी जाड पोलादी पट्ट्यांवर टांगलेली चौकट, जी मिलिमीटरच्या अंशाएवढीच हलते आणि त्यामुळे घासत नाही. इंजिनाच्या तोंडाला कर्ण्यासारखं रुंद गुळगुळीत तोंड लावतात, म्हणजे हवा नीट आत येते आणि तिचा दाब मोजून ती किती आली तेही कळतं. आणि लोड सेल खरं बोलतो का, हे बघायला तिथेही आधी खोटा भार देतातच. काका तिथे गेले तर त्यांना परकं वाटणार नाही.

आमच्या इंजिनाचा आकडा आला ९२ न्यूटन. मुलांचे चेहरे पडले, कारण कागदावर शंभर होते. कंपनीने फसवलं म्हणून ती पत्र लिहायला निघाली होती. पण कागदावरचे शंभर समुद्रसपाटीचे आहेत, १५ अंश तापमानाचे आणि १,०१३.२५ हेक्टोपास्कल दाबाचे. नाशिक समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटर वर. इथे हवेचा दाब मुळातच ९४३ च्या आसपास. रेटा दाबाच्या प्रमाणात पडतो, म्हणून ९२ ला ०.९३ ने भागायचं. उत्तर ९९ च्या जवळ. फेऱ्यांचा आकडाही तापमानाप्रमाणे दुरुस्त करावा लागतो, नाहीतर तुलना लंगडी. पत्र गेलं नाही.

या दुरुस्तीशिवाय दोन इंजिनांची तुलना करणं म्हणजे निव्वळ गप्पा. ओझर आमच्यापासून वीसेक किलोमीटरवर. तिथे एचएएलच्या, म्हणजे हिंदुस्तान एरोनॉटिक्सच्या, कारखान्यात सुखोई-३० एमकेआय तयार झाली, त्यांची एएल-३१एफपी इंजिनं ओडिशातल्या कोरापुटहून यायची. त्या इंजिनाचा आफ्टरबर्नरसह रेटा १२,५०० किलो असं सगळीकडे लिहिलेलं असतं. पण मे महिन्यातल्या दुपारी, पारा ३८ वर असताना, इथली हवा समुद्रसपाटीच्या प्रमाण हवेपेक्षा सुमारे १४ टक्के पातळ असते. आकडा खोटा नाही, तो या दुपारचा नाही एवढंच. प्रवासी इंजिनं बनवणारे यावर एक तोडगा काढतात. साधारण ३० अंशांपर्यंत इंजिन मुद्दाम आपल्या ऐपतीपेक्षा कमी चालवायचं आणि तेवढा रेटा नक्की देतो असं सांगायचं. त्याच्या वर पारा गेला की मात्र टर्बाइनच्या तापमानाची मर्यादा आड येते आणि रेटा उतरू लागतो. लेहचा विमानतळ सव्वातीन हजार मीटरवर आहे. तिथली बहुतेक प्रवासी विमानं सकाळीच ये-जा करतात, त्यामागे दुपारच्या वाऱ्याइतकंच हेही कारण आहे.

आता खरी अडचण. जमिनीवर लोड सेल आहे. उडत्या विमानात नाही.

पायलटसमोर ‘थ्रस्ट इतका’ असा काटा नसतो. इंजिन पंखाला ज्या खुंट्यांनी जोडलेलं असतं तिथे भार मोजून रेटा काढता येईल असं वाटतं, पण त्या खुंट्यांवर इंजिनाचं वजन, आवरणावर पडणारा हवेचा विरोध, विमानाचं वर-खाली होणं, सगळंच येतं. म्हणून रेट्याऐवजी त्याच्याशी बांधलेली दुसरी एखादी गोष्ट मोजतात. काही इंजिनांत पंख्याचे फेरे, टक्क्यांत. काहींत ईपीआर, म्हणजे इंजिनाच्या शेपटीकडचा दाब भागिले तोंडाकडचा दाब. टेस्ट बेडवर एकदा ताळा बसवलेला असतो की ईपीआर इतका तर रेटा इतका. विमानात फक्त ईपीआर बघायचा आणि रेटा गृहीत धरायचा.

१३ जानेवारी १९८२ ला वॉशिंग्टनमध्ये बर्फ पडत होता. एअर फ्लोरिडाचं ९० क्रमांकाचं उड्डाण, बोइंग ७३७-२००, दोन जेटी८डी इंजिनं. वैमानिकांनी इंजिनांची बर्फरोधक यंत्रणा चालू केली नव्हती. इंजिनाच्या तोंडाशी दाब मोजणारी जी बारीक नळी असते, तिच्यावर बर्फ साठून ती बुजली. भागाकारातला छेद खोटा, लहान झाला. छेद लहान झाला की उत्तर मोठं येतं. थ्रॉटल, म्हणजे रेटा वाढवायचा दांडा, पुढे नेत त्यांनी काटा ठरलेल्या २.०४ वर आणला. खरा ईपीआर होता १.७० च्या आसपास. बाजूचे दुसरे काटे, पंख्याच्या फेऱ्यांचे, नेहमीपेक्षा कमी दाखवत होते. सहवैमानिकाला काहीतरी बरोबर नाही असं वाटत होतं आणि धावपट्टीवर धावताना तो ते बोललाही. कॅप्टनने उड्डाण चालू ठेवलं. नेहमीपेक्षा जास्त धावपट्टी खाऊन, पंखांवर बर्फ घेऊन विमान उठलं, आणि अर्ध्या मिनिटाच्या आसपास पोटोमॅक नदीवरच्या चौदाव्या रस्त्याच्या पुलाला धडकून पाण्यात गेलं. विमानातले ७४ आणि पुलावरचे चार, असे ७८ जण गेले.

मला या अपघातात सगळ्यात जास्त खुपतं ते हे की इंजिनं बिघडलेली नव्हती. थ्रॉटल आणखी पुढे सारायला जागा शिल्लक होती. रेटा मागितला असता तर इंजिनांनी दिला असता. पण काटा म्हणत होता, मागितला तेवढा दिलाय. आमच्या लॅबमध्ये निळ्या पाइपने तीनशे ग्रॅम गिळले तेव्हा काकांकडे दुसरं माप होतं, पितळी वजनांचं. त्या कॉकपिटमध्येही दुसरं माप होतं, फेऱ्यांचं. वापरलं गेलं नाही. तेव्हापासून मी ईपीआर शिकवताना सूत्राच्या आधी हा अपघात सांगतो, मग कितीही पोरं घड्याळाकडे बघोत.

तुलनेबद्दल बोलायचं तर आधी एककांचा गोंधळ. अमेरिकन पौंडात बोलतात, रशियन किलोत, युरोपियन किलोन्यूटनमध्ये. एक पौंड म्हणजे ४.४५ न्यूटन, एक किलो म्हणजे ९.८१ न्यूटन. एवढं पाठ असलं की व्हॉट्सॅपवरचे अर्धे वाद मिटतात. राहिलेले अर्धे अश्वशक्तीचे असतात. कुणीतरी छातीठोकपणे लिहितं की अमुक इंजिन एक लाख अश्वशक्तीचं. रेट्याची अश्वशक्ती काढायची तर त्याला वेगाने गुणावं लागतं. ब्रेक लावून उभ्या असलेल्या ७७७ चं इंजिन कानठळ्या बसवत पन्नास टनांनी रेटत असतं, पण विमान हलत नाही म्हणून विमानाला मिळणारी उपयुक्त शक्ती शून्य. तेच इंजिन वर आठेक टनांच्या रेट्यावर सेकंदाला अडीचशे मीटरने चाललं की सुमारे २७,००० अश्वशक्ती. रेटा सहापटीने कमी, शक्ती शून्यावरून सत्तावीस हजारांवर.

आणि ‘जगातलं सगळ्यात ताकदवान इंजिन कुठलं’ हा तर परीक्षेत विचारूच नये असा प्रश्न. जीई९०-११५बीने डिसेंबर २००२ मध्ये पीबल्सला चाचणीत १,२७,९०० पौंड गाठले होते. तो विक्रम नोव्हेंबर २०१७ मध्ये त्याच घरातल्या जीई९एक्सने मोडला, १,३४,३०० पौंड. पण विमानावर वापरायला प्रमाणित केलेला रेटा बघितला तर जीई९एक्सचा १,१०,००० आणि जुन्या जीई९०-११५बीचा १,१५,३००. विक्रम नव्याकडे, परवाना जास्त जुन्याकडे. नव्याचा पंखा मोठा, ३४० सेंटिमीटरचा, जुन्याचा ३२५. ज्या विमानाला नवं इंजिन बसणार त्याचे पंख लांब, विरोध कमी, त्याला तेवढा रेटा लागतच नाही. कमी रेट्यात भागणं ही इथे प्रगती आहे. या इंजिनांचे काही सुटे भाग पुण्याजवळ चाकणच्या कारखान्यात होतात, ते आमच्या मुलांना सांगितलं की विषयात एकदम रस येतो. नोकरीचा वास असतो त्याला.

लढाऊ विमानांचं उलटं. तिथे इंधनाची तमा नाही, वजनाची आहे. आफ्टरबर्नर म्हणजे टर्बाइनच्या मागे उरलेल्या प्राणवायूत पुन्हा इंधन ओतून पेटवणं. रेटा दीडपट होतो, पण त्याच रेट्यासाठी मोठ्या पंख्याच्या इंजिनापेक्षा चार-पाच पट इंधन जातं.

आपल्याकडे या वजाबाकीने दोनदा दगा दिला. कुर्ट टांक हा जर्मन अभिकल्पक बंगळूरच्या एचएएलमध्ये आला आणि त्याच्या हाताखाली एचएफ-२४ मारुत तयार झालं. पहिलं उड्डाण १७ जून १९६१. विमान देखणं, निमुळतं, ध्वनीच्या पुढे जाण्यासाठीच आखलेलं. पण ज्या ऑर्फियस १२ इंजिनावर, आठ हजार पौंडांच्या पुढच्या रेट्यावर, सगळी आखणी होती, ते ब्रिटिशांनी सोडून दिलं. भारताने पैसे घातले तर पुढे नेऊ म्हणाले, भारताने घातले नाहीत. शेवटी बसवलं ते ऑर्फियस ७०३, प्रत्येकी ४,८५० पौंडांचं. मारुत सरळ उड्डाणात ध्वनीच्या पुढे कधी गेलंच नाही. मग त्या इंजिनाला बंगळूरलाच आफ्टरबर्नर जोडून बघितला. रेटा वाढला, पण तो बसवायला विमानाची शेपूट रुंद करावी लागली, आणि रुंद शेपटीने हवेचा विरोध वाढवून कमावलेलं बरंचसं घालवलं. विमानाला रेटा मिळत नाही, रेटा वजा विरोध मिळतो. १० जानेवारी १९७० ला असंच सुधारित मारुत उडवताना ग्रुप कॅप्टन सुरंजन दास गेले. विमानदलाने तरीही मारुत वापरलं, आणि १९७१ मध्ये लोंगेवालाच्या बाजूला त्याने जमिनीलगत चांगलं काम केलं. तिथे ध्वनीच्या पुढे जायची गरज नव्हती.

दुसरी कावेरी, देशी लढाऊ विमानासाठीचं देशी इंजिन. १९८९ मध्ये मंजूर झालेला प्रकल्प, बंगळूरच्या जीटीआरई या जेट इंजिनांवर संशोधन करणाऱ्या सरकारी संस्थेकडे. तेजससाठी आफ्टरबर्नरसह ८१ किलोन्यूटनचं लक्ष्य, मिळाले ७० च्या आसपास. वजन ठरवल्यापेक्षा शंभरेक किलोंनी जास्त. तिला ‘अपयशी’ म्हणून एका शब्दात निकालात काढणाऱ्यांशी मी वाद घालतो. आफ्टरबर्नरशिवायचा रेटा लक्ष्याच्या बराच जवळ पोचला होता. २०१० च्या शेवटी मॉस्कोजवळ आयएल-७६ या मालवाहू विमानाच्या चारपैकी एका इंजिनाच्या जागी कावेरी बसवून ती हवेत चालवून बघितली, आणि ती चालली. पण लढाऊ विमानाला अकरा किलोन्यूटनांची उधारी चालत नाही, आणि तेजस त्याआधीच, २००८ मध्ये, तिच्यापासून वेगळं केलेलं होतं.

१७ ऑक्टोबर २०२५ ला ओझरला बांधलेलं पहिलं तेजस मार्क १ए उडालं. त्याचं इंजिन जीईचं एफ४०४-आयएन२०, रेटा सुमारे ८५ किलोन्यूटन, बनलेलं अमेरिकेत मॅसॅच्युसेट्समधल्या लिनला. दुसऱ्या दिवशी वर्गात पहिला प्रश्न आला, ‘सर, यात कावेरी कधी बसणार?’ यात नाही, असं मी सांगितलं. आफ्टरबर्नर काढून टाकलेली कावेरी आता मानवरहित लढाऊ विमानासाठी तयार होतेय. तिथे पन्नासच्या आतबाहेरचे किलोन्यूटन पुरतात, ध्वनीच्या पुढे जायचं नाही, आणि आफ्टरबर्नरचं वजनही वाचतं. मागच्या बाकावरच्या एकाने लगेच विचारलं, ते पन्नास कुठल्या उंचीचे आणि किती तापमानाचे. त्याला मी फळ्यापाशी बोलावलं आणि खडू त्याच्या हातात दिला.